लेकरांना ऐकू द्या, बोलूही द्या

कॉलेजला निघालेल्या मुलाला किंवा मुलीला आपल्या वस्तीत जे सांगितले जाते ते घरोघरी जवळजवळ सारखेच असते. "कुणाच्या भानगडीत पडू नको. कुणी काही बोलले तर ऐकून न ऐकल्यासारखे कर. आपण शिकायला चाललोय, भांडायला नाही." आम्ही दोघेही हेच ऐकत मोठे झालो. आमच्यातल्या एकाने एस.टी.च्या वर्कशॉपमध्ये तीस वर्षे काढली, दुसरीने बालवाडीत दुसऱ्यांची लेकरे सांभाळली. या बोलण्यामागे आईबापांची माया असते आणि भीतीही असते, हे आम्हांला कुणी समजावून सांगायला नको. पोटाला चिमटा घेऊन पोरगी शिकायला पाठवलेली असते. डिग्री हाती पडेपर्यंत मधे काही आडवे येऊ नये, एवढीच इच्छा असते.

पण तळहातावरच्या फोडासारखे जपलेले लेकरू उद्या बँकेत, कचेरीत, कोर्टात बसणार आहे. तिथे त्याला कोण जपणार? आणि जपायचे म्हणजे नेमके कशापासून? हा प्रश्न गेल्या वर्षी आमच्याच घरात येऊन उभा राहिला, म्हणून हे लिहीत आहोत.

आमची धाकटी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे, हॉस्टेलवर राहते. कॉलेजात वादविवाद स्पर्धा होती. विषय होता, 'आरक्षणाची मुदत आता संपली आहे.' बाजू चिठ्ठ्या टाकून ठरणार होत्या. हिच्या वाट्याला चिठ्ठी आली ती विषयाच्या बाजूने बोलण्याची! म्हणजे आरक्षण संपवा, असे हिने भर सभागृहात सांगायचे.

तिने फोन करून हे सांगितले तेव्हा घरात तिची आत्या बसलेली होती. ती तडकून म्हणाली, "नाव काढून घे म्हणावं. आपल्याच पोरीच्या तोंडून आपल्याच विरुद्ध?" शेजारच्या काकूंचे म्हणणे वेगळे होते. त्या म्हणाल्या, "बोलेल ती, पण टाळ्या पडतील तेव्हा तिच्या जिवाला काय वाटेल?" काकूंचा प्रश्न आम्हांला जास्त खरा वाटला. त्या रात्री आम्ही दोघे बराच वेळ बोलत बसलो. शेवटी ठरवले की निर्णय तिचा. आपण एवढेच म्हणायचे, "जे बोलशील ते वाचून बोल."

ती बोलली. टाळ्या पडल्या. रात्री फोनवर म्हणाली, "आई, टाळ्या पडल्या तेव्हा पोटात कसंतरी झालं." काकूंनी सांगितले तेच झाले. पण त्याच्या पुढचेही ऐका. विरुद्ध बाजूचे जे काही म्हणणे असते ते सारे तिने तीन आठवडे बसून वाचले होते. महिन्याभराने वर्गात एका मुलाने नेहमीचे वाक्य टाकले, "घटनेत आरक्षण दहाच वर्षांसाठी होते." ही उठली आणि तिथल्या तिथे सांगितले की दहा वर्षांची मुदत कलम ३३४ मध्ये आहे आणि ती लोकसभा-विधानसभेतल्या राखीव जागांची आहे. नोकरीतले आरक्षण कलम १६(४) मध्ये आहे, शिक्षणातल्या सवलतीचा आधार कलम १५(४) हे १९५१ च्या पहिल्या घटनादुरुस्तीने आले आहे, आणि या दोन्हींना घटनेने मुदत घातलेली नाही. मुलगा गप्प बसला. नंतर त्याने तिच्याकडून वही मागून नेली. तिला त्या सभेपासून दूर ठेवले असते तर हे उत्तर तिच्याकडे कुठून आले असते?

आपल्या समाजाला हे नवे नाही. बाबासाहेबांवर कमी का टीका झाली? १९३६ साली लाहोरच्या जात-पात तोडक मंडळाने त्यांना अध्यक्ष म्हणून बोलावले, आणि भाषण वाचल्यावर पाय मागे घेतला. बाबासाहेबांनी भाषणात बदल करायला नकार दिला आणि ते स्वतःच्या खर्चाने छापले. गांधीजींनी 'हरिजन' मधून त्यावर टीका केली. पुढच्या आवृत्तीत बाबासाहेबांनी काय करावे? गांधीजींची टीका आपल्याच पुस्तकात छापली आणि तिच्या शेजारी आपले उत्तर छापले. ज्याचे उत्तर तयार असते तो माणूस समोरच्याचे तोंड बंद करायला धावत नाही.

दुसरे उदाहरण जरा अवघड आहे, पण टाळून चालणार नाही. २०१२ साली एन.सी.ई.आर.टी.च्या अकरावीच्या राज्यशास्त्राच्या पुस्तकातील एका व्यंगचित्रावरून रान उठले. शंकर यांनी १९४९ च्या सुमारास काढलेले ते चित्र. घटना म्हणजे गोगलगाय, तिच्यावर बाबासाहेब बसलेले आणि मागे नेहरू चाबूक उगारून उभे. ते पाहून आपल्या लोकांच्या काळजाला घरे पडली, आणि ते खोटे नव्हते. चाबूक म्हटले की आपल्या आज्या-पणज्यांच्या पाठी आठवतात. मे महिन्यात संसदेत गोंधळ झाला, सरकारने चित्र मागे घेण्याचे जाहीर केले. पाठोपाठ पुणे विद्यापीठात पुस्तकाचे एक सल्लागार प्रा. सुहास पळशीकर यांच्या खोलीची मोडतोड झाली. पळशीकर आणि योगेंद्र यादव यांनी त्याआधीच सल्लागारपदाचा राजीनामा दिला होता. पुढे डॉ. सुखदेव थोरात यांच्या समितीने आक्षेपार्ह चित्रे काढावीत असा अहवाल दिला. समितीतले एक सदस्य, एम.एस.एस. पांडियन, यांनी त्याला असहमती नोंदवली.

चित्र असावे की नसावे यावर आपल्यात दोन मते आहेत आणि राहतील. आम्हांला त्याहून महत्त्वाचे वाटते ते हे की, घटनेला उशीर झाला या आरोपाला खुद्द बाबासाहेबांनी उत्तर दिलेले आहे. २५ नोव्हेंबर १९४९ च्या घटना समितीतील भाषणात त्यांनी हिशोबच मांडला. अमेरिकेच्या घटनेत सात कलमे, कॅनडाच्या १४७, ऑस्ट्रेलियाच्या १२८, दक्षिण आफ्रिकेच्या १५३ आणि आपल्या घटनेत ३९५. ऑस्ट्रेलियाला नऊ वर्षे लागली, आपल्याला तीन वर्षेही लागली नाहीत. वर २,४७३ दुरुस्त्यांचा विचार करावा लागला, तो वेगळाच. हा हिशोब ज्या मुलाला पाठ आहे त्याच्यासमोर शंभर व्यंगचित्रे ठेवली तरी तो डगमगणार नाही. ज्याला हिशोब माहीत नाही त्याच्यासमोरून चित्र काढून घेतले तरी तो रिकाम्या हातानेच उभा राहील. आणि प्राध्यापकाची खोली मोडणे हे तर कशाचेच उत्तर नव्हे.

'भावना दुखावल्या' हे शस्त्र दुधारी आहे, हेही विसरू नये. १९८७ साली महाराष्ट्र सरकारने बाबासाहेबांच्या लेखनाचा चौथा खंड काढला. त्यातील रामकृष्णाच्या कोड्याने भावना दुखावल्या म्हणून तो भाग गाळा, अशी मागणी झाली. तेव्हा १९८८ च्या फेब्रुवारीत मुंबईच्या रस्त्यावर आपली माणसे लाखांनी उतरली ती कशासाठी? बाबासाहेबांचे शब्द छापलेले राहावेत यासाठी. २०१५ साली मद्रास आय.आय.टी.मधील आंबेडकर-पेरियार स्टडी सर्कलची मान्यता एका निनावी तक्रारीनंतर काढून घेण्यात आली, आणि देशभर आवाज उठल्यावर जूनमध्ये परत दिली गेली. भावना दुखावतात म्हणून बोलणे बंद, हा नियम एकदा मान्य केला की तो पहिल्यांदा आपल्याच दारात येतो. ज्याच्या हाती सत्ता त्याच्या भावना मोठ्या ठरतात.

आता दुसरी बाजू. ती सांगितली नाही तर हे लिखाण अर्धवट राहील.

आजकाल बरेच जण म्हणतात की हल्लीची मुले नाजूक झाली आहेत, जरा काही बोलले की कोमेजतात. अमेरिकेत २०१५ पासून यावर मोठा वाद चालला. शिकागो विद्यापीठाने तर २०१६ साली नव्या विद्यार्थ्यांना पत्रच पाठवले की न पटणाऱ्या विचारांपासून लपायची जागा इथे मिळणार नाही. त्यातली अर्धी गोष्ट आम्हांला पटते. पण बाबासाहेब १९१३ साली ज्या देशात शिकायला गेले त्याच देशात ब्रँडाइस विद्यापीठाने २०१९ साली आणि कॅलिफोर्निया स्टेट विद्यापीठाने २०२२ साली जातीवरून भेदभाव करू नये असे आपल्या नियमांत घातले. मते ऐकायला लावणे आणि छळ सोसायला लावणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. त्यांची सरमिसळ झाली की आपलीच मुले मरतात.

हो, मरतात. हैदराबाद विद्यापीठात रोहित वेमुला आणि त्याच्या चार मित्रांना हॉस्टेलमधून बाहेर काढले गेले, आणि १७ जानेवारी २०१६ ला रोहित गेला. २२ मे २०१९ ला मुंबईत डॉ. पायल तडवी गेली. तिच्या तीन वरिष्ठ डॉक्टरांवर जातीवरून छळल्याचा आरोप ठेवला गेला. या दोघांना 'मन घट्ट करा' असे सांगायचे काय? रोहित तर बोलणारा, लिहिणारा, चळवळीत वाढलेला मुलगा होता. त्याच्यासमोर वादविवाद नव्हता, बंद झालेले दार होते. म्हणूनच राधिका वेमुला आणि आबेदा तडवी या दोन माता २०१९ साली सर्वोच्च न्यायालयात गेल्या. विद्यापीठ अनुदान आयोगाने २०१२ साली भेदभावाविरुद्ध जे नियम केले ते कागदावर राहू नयेत, हे त्यांचे म्हणणे होते.

आमच्या धाकटीलाही याचा अनुभव आला. एका तोंडी परीक्षेत प्रश्न विचारण्याआधी परीक्षकाने तिचे आडनाव पुन्हा विचारले, हसून "मग काय, तुम्ही सरकारचे जावई" म्हटले आणि दोन प्रश्नांत तिला उठवले. ही मुलगी महिन्यापूर्वी भर वर्गात उत्तर देऊन आलेली. पण इथे तिने वाद घातला नाही. बाहेर येऊन तारीख, वेळ, तिथे कोण बसले होते ते सारे वहीत लिहिले, दोन मैत्रिणींच्या सह्या घेतल्या आणि अर्ज दिला. पोच मागून घेतली. आम्ही विचारले, "तिकडे बोललीस, इकडे का नाही?" तर म्हणाली, "बाबा, त्या मुलाच्या हातात माझे मार्क नव्हते."

एवढ्या एका वाक्यात पोरीने आम्हांला फरक सांगितला. ज्याच्या हातात आपले मार्क नाहीत, स्कॉलरशिप नाही, खोलीची किल्ली नाही, त्याच्या मताला मताने उत्तर द्यावे. ज्याच्या हातात ते आहे आणि जो ते जातीवर वापरतो, त्याला अर्जाने, समितीने, कायद्याने उत्तर द्यावे. तिच्या अर्जावर परीक्षा दुसऱ्या परीक्षकाकडे झाली. त्या परीक्षकाचे पुढे काय झाले ते कुणी सांगितले नाही. पण पोच आम्ही जपून ठेवली आहे.

भगवान बुद्धांची एक गोष्ट पुष्कळांनी ऐकली असेल. एक जण त्यांना शिव्या देत आला. बुद्धांनी विचारले, पाहुण्यापुढे ठेवलेले अन्न पाहुण्याने घेतले नाही तर ते कुणाचे? तो म्हणाला, माझेच. तसे तुझे हे बोल मी घेत नाही, असे बुद्ध म्हणाले. काही लोक या गोष्टीचा अर्थ 'गुमान सोसा' असा लावतात. आम्हांला तसे वाटत नाही. शिवी मनात घेऊ नये, म्हणजे ती रात्रभर उशाशी घेऊन झोपू नये. पण शिवी देणाऱ्याने आपल्या ताटातले अन्नही काढून घेतले तर ते परत मागायलाच हवे. मन शांत असले की अर्ज नीट लिहिता येतो.

म्हणून आईबापांना आमचे सांगणे एवढेच. मुलांना दिवसातून दहा फोन करण्यापेक्षा आठवड्यातून एकदा निवांत विचारा, "या आठवड्यात न पटणारे काय ऐकलेस? काय उत्तर दिलेस?" पण मूल जेवत नसेल, झोपत नसेल, फोन उचलत नसेल, तर प्रश्न विचारत बसू नका. पहिली गाडी पकडा आणि जाऊन भेटा. कॉलेजात तक्रार कुणाकडे करायची, हे प्रवेशाच्या दिवशीच फीच्या पावतीमागे लिहून घ्या. विहारात रविवारी मुलांचे वादविवाद ठेवा आणि बाजू चिठ्ठ्या टाकून द्या. बाबासाहेबांच्या सिद्धार्थ कॉलेजात विद्यार्थ्यांची संसद भरत असे, आणि १९५० साली त्यांनी तिथे हिंदू कोड बिलावर भाषण केले होते. आपल्या वस्तीत तेवढी मोठी संसद जमणार नाही, पण सतरंजी, दहा-बारा मुले आणि एक घड्याळ एवढे तर जमेल.

आमच्या वस्तीत ते सुरू झाले आहे. पहिल्या रविवारी आत्याच सर्वांत पुढे बसली होती. तिच्या भाच्याला नावडती बाजू आली तेव्हा ती कुरकुरली, पण उठून गेली नाही. शेवटपर्यंत ऐकले आणि मग स्वतः उभी राहून पाच मिनिटे उत्तर दिले.