पान उलटून बघताना

नॉर्थ कॅरोलायनात रोपवाटिकेत जाऊन हनीसकल मागितली की काउंटरमागचा माणूस आधी विचारतो, "कोणती?" मला वाटलं, रंग विचारतोय. त्याला गाव विचारायचं होतं.

एक हनीसकल इथल्या रानची. शास्त्रीय नाव लोनिसेरा सेम्परव्हायरेन्स; कनेक्टिकटपासून फ्लोरिडापर्यंत आणि पश्चिमेला टेक्ससपर्यंत ती आपसूक उगवते. दुसरी लोनिसेरा जॅपोनिका, मूळची जपान-कोरिया-चीनकडची. ती १८०६ साली न्यूयॉर्कच्या लाँग आयलंडवर आणली गेली. पुढे रस्त्याकडेची माती धरून ठेवायला लावली, हरणांना चारा म्हणून लावली, आणि आज पूर्व अमेरिकेतल्या कुंपणांवर, ओढ्याकाठी, कोवळ्या झाडांच्या गळ्याभोवती जिकडेतिकडे तीच आहे.

रॅलीजवळ आम्ही घर घेतलं तेव्हा घराबरोबर कुंपण मिळालं आणि कुंपणाबरोबर ही दुसरी. हे अर्थात मला तेव्हा ठाऊक नव्हतं. मला एवढंच कळत होतं की मे महिन्यात संध्याकाळी मागचं दार उघडलं की वासाने जीव सुखावतो. सासूबाई त्या उन्हाळ्यात साताऱ्याहून आल्या होत्या. त्यांनी पाहिल्याबरोबर निकाल दिला, "अगं, ही तर आपली मधुमालती!" फूल पांढरं उमलतं, एकदोन दिवसांत पिवळं पडतं. साताऱ्याच्या फाटकावरची मधुमालती पांढऱ्याची गुलाबी आणि गुलाबीची लाल होते. तेव्हा रंग बदलणारी, संध्याकाळी घमघमणारी वेल म्हणजे तीच, असा त्यांचा हिशेब. मधुमालती खरं तर अर्जुन-हिरड्याच्या कुळातली, हनीसकलशी तिचं काही नातं नाही. पण रोज सकाळी परडी भरून फुलं देव्हाऱ्यात जायला लागल्यावर कूळ कोण काढत बसतं?

कूळ काढलं ते शेजारच्या बाईंनी. कुंपणापलीकडून म्हणाल्या, "ही काढून टाका हं. आशियातून आलीय, आणि एकदा घुसली की दुसऱ्या कुणाला जगू देत नाही." मग आम्हा दोघींकडे पाहून त्या घाईघाईने टोमॅटोंवर आल्या. त्यांच्या मनात काही नव्हतं हे मला माहीत आहे. तरी त्या दिवशी चहा पिताना सासूबाई म्हणाल्याच, "वेलीबद्दलच बोलत होत्या ना गं त्या?"

बाईंनी सांगितलं होतं की देशी हनीसकल लाव, सोपी असते. सोपी वाढवायला असेल, ओळखायला अजिबात नाही. चॅपेल हिलला नॉर्थ कॅरोलायना बोटॅनिकल गार्डन आहे. या भागातल्या देशी झाडांसाठी ते प्रसिद्ध. तिथे मी प्रथम खरी देशी वेल पाहिली. बाहेरून लाल, आतून पिवळी, चारपाच सेंटीमीटरची नळी. टोकाला पाच जवळजवळ सारख्या, बुटक्या पाकळ्या. फांदीच्या शेवटी फुलांची चक्रं. जपानीचं फूल वेगळं, ओठ फाकल्यासारखं दोन भागांत उघडणारं, आणि येतं ते पानांच्या बगलेत जोडीजोडीने. हे कळायला कुणाची मदत लागत नाही. देशीची फळं लाल, जपानीची काळी, हेही सोपं. पण फूलही नाही, फळही नाही, अशी वेल वर्षातले कितीतरी महिने समोर असते, आणि नेमकी तेव्हाच ती उपटायची की राखायची हे ठरवायचं असतं.

तिथल्या स्वयंसेवकाने खूण सांगितली ती अशी, की देशीच्या फुलांच्या लगेच खालची पानं एकमेकांना जोडलेली असतात. समोरासमोरची दोन पानं मिळून एकच गोल पान होतं, आणि द्रोणाच्या बुडातून काडी आरपार काढावी तशी फांदी त्याच्या मधून जाते. पाहताक्षणी पटावी अशी खूण. मी खुशीत रोप विकत घेतलं, घरी आणलं, आणि अंगणात बसून पान न् पान तपासलं. एकही जोडलेलं नव्हतं.

मन लगेच वाईटाकडे धावलं. चिठ्ठी चुकीची लागली असेल? पैसे देऊन मी तीच जपानी घरी आणली की काय? मी काउंटीच्या कृषी-विस्तार कार्यालयात फोटो पाठवले. तिथे बागकामाचं शिक्षण घेतलेले स्वयंसेवक लोकांच्या शंका सोडवतात. उत्तर आलं, की जोडलेली पानं फुलोऱ्याखालीच येतात. खालच्या फांद्यांवर आणि कोवळ्या, न फुललेल्या रोपावर पानं सुटीच असतात. मग ओळखायचं कसं? पान उलटा. देशीच्या पानाची खालची बाजू निळसर पांढरी, पिठूळ दिसते. कोवळ्या फांदीवरून बोट फिरवा. देशीची गुळगुळीत, जपानीची लवदार. मी पान उलटलं. पांढरं होतं.

एवढ्यावर संपेल तर ती वनस्पतिशास्त्राची गोष्ट कसली. कुंपणाच्या बुडाशी वसंतात नवे कोंब आले, त्यांची पानं ओकसारखी कातरलेली. मला वाटलं, ही तिसरीच कुणीतरी. तीही जपानीच निघाली. कोवळेपणी तिची पानं पुष्कळदा अशी कातरतात आणि पुढे साधी अंडाकृती येतात. नर्सरीत 'गोल्डफ्लेम' नावाची गुलाबी-पिवळी आणि वासाची दिसली, पानंही वर जोडलेली, ती संकरित. 'जॉन क्लेटन' नावाची पिवळीधमक दिसली म्हणून मी नाक मुरडलं, तर ती अस्सल देशी, अठराव्या शतकातल्या व्हर्जिनियाच्या वनस्पतिशास्त्रज्ञाचं नाव घेऊन फिरणारी. म्हणजे जोडलेल्या पानाने एवढंच कळतं की समोरची जपानी नाही. ती कोण आहे, हे पुढे शोधायचं.

एका फरकात मात्र गंमत नाही. शेजारच्या बाईंची नातवंडं जपानी हनीसकलचं फूल बुडाशी चिमटून आतला तंतू ओढतात आणि टोकाला आलेला मधाचा थेंब चाटतात. अमेरिकेच्या या भागातलं बालपण म्हणजे हे. पण इथेच फेब्रुवारी-मार्चपासून कॅरोलायना जेसमिन फुलते, पिवळ्या कर्ण्यांची वेल, शेजारच्या साउथ कॅरोलायनाचं राज्यफूल; आणि ती मुळापासून मधापर्यंत विषारी आहे. हनीसकल समजून तिची फुलं चोखल्याने मुलांना विषबाधा झाल्याची नोंद आहे. त्यामुळे फूल चोखण्याआधी मोठ्या माणसाला दाखवायचं, हा नियम दोन्ही अंगणांत सक्तीचा झाला.

जपानी काढणं हे हिवाळ्याचं काम. बाकी सगळं निष्पर्ण असतं तेव्हा ही हिरवी राहते, त्यामुळे लपायला तिला जागा नसते. जमिनीवरून सरपटणारी फांदी पेरापेराशी मुळं धरते, म्हणून वरून कापून भागत नाही, ओढत ओढत जावं लागतं. इथल्या लाल चिकणमातीत तर कोरड्या दिवशी हात लावण्यात अर्थ नाही. पाऊस पडून गेल्यावर मुळं निघतात. एक गोष्ट मात्र मला पुस्तकात सापडली नाही. सासूबाईंच्या परडीमुळे त्या वर्षी काळी फळं फार थोडी धरली. फूलच खुडलं तर फळ कुठून येणार, आणि फळ नाही तर पक्षी बी नेणार कुठून? शेजारच्या बाईंना हे सांगितल्यावर त्या म्हणाल्या, मग त्यांना आमच्याही बाजूची फुलं न्यायला सांग.

देशी वेल मी भरपूर उन्हात लावली. सावलीत ती जगते, पण फुलं कमी येतात आणि दमट हवेत पानांवर भुरी धरते. कुंपणाच्या रुंद फळ्या मात्र तिला पकडता येईनात. ती चिकटणारी नाही, गुंडाळणारी आहे. बारीक काहीतरी हवं. मी बारीक तारा ताणल्या, आणि चार दिवसांत तिने वेढे घेतले. वसंतात कोवळ्या शेंड्यांवर मावा आला, तो पाण्याच्या जोरदार फवाऱ्याने धुतला. शेपटीकडे शिंग असलेली हिरवी अळी दिसली तेव्हा माझे यजमान औषधाची बाटली घेऊन धावले, त्यांना अडवलं. दिवसा उडणाऱ्या, भुंग्यासारख्या दिसणाऱ्या एका पतंगाची ती अळी, आणि देशी हनीसकल हे तिचं अन्नच.

ती फुलली त्या वर्षी सासूबाई पुन्हा आल्या होत्या. नाक फुलात घालून म्हणाल्या, "हिला वासच नाही! मग लावलीस कशाला?" प्रश्न रास्त होता. जपानीचा फिकट रंग आणि संध्याकाळचा वास पतंगांना बोलावण्यासाठी. देशीचं गिऱ्हाईक वेगळं. हमिंगबर्डला वासाचं फारसं कळत नाही, तो लाल रंग पाहून येतो. मेक्सिको आणि मध्य अमेरिकेत हिवाळा काढून, बरेचसे मेक्सिकोचं आखात ओलांडून, जेमतेम तीन ग्रॅमचे हे पक्षी मार्चअखेर-एप्रिलमध्ये आमच्याकडे पोचतात, आणि तेव्हा ही वेल फुललेली असते. साताऱ्याचा शिंजीर बहुधा फांदीवर बसून मध ओढतो. हा अधांतरी उभा राहिला तेव्हा सासूबाईंनी चष्मा बदलून पाहिलं. मग एवढंच म्हणाल्या की लाल आहेत, तर निदान गणपतीला चालतील. आता संकष्टीला एक गुच्छ देव्हाऱ्यात जातो, बाकीचे पक्ष्याचे.

सध्या घरात वाद आहे तो छाटणीचा. वेल तारा सोडून छपराच्या पन्हळीकडे निघाली आहे आणि यजमानांना ती फेब्रुवारीतच कापायची होती. पण वसंताचा पहिला बहर मुख्यतः जुन्या फांद्यांवर येतो. आधी कापली तर तो गेला. कात्री मी लपवून ठेवली आहे. पहिला बहर ओसरला की मिळेल.