सीमेकाठची दैनंदिनी : गोव्याची आतली शीव

सोमवार, तेरेखोल

गेल्या हप्त्यात बांद्यापर्यंत आलो होतो. आजचा मुक्काम तेरेखोलला. नदीच्या उत्तर काठावर, जमिनीकडून सगळा सिंधुदुर्ग जिल्हा लागून असलेला हा किल्ला गोव्याचा कसा, याचे उत्तर भूगोलात सापडत नाही. सावंतवाडीकर भोसल्यांकडून तो १७४६ मध्ये पोर्तुगीजांनी घेतला, १७८८ मध्ये पेडणे महालही त्यांच्याकडे गेला, आणि त्या वेळच्या लढाया-तहांचा हिशेब आज दोन राज्यांची हद्द म्हणून उभा आहे. १५ ऑगस्ट १९५४ ला सत्याग्रही या किल्ल्यात शिरले. पुढच्या वर्षी त्याच तारखेला जवळच्या पत्रादेवीला निःशस्त्र सत्याग्रहींवर गोळ्या झाडल्या गेल्या. पेडण्याची बोली आणि आरोंद्याची मालवणी यांत परक्याला फरक कळणे अवघड. दशावतार दोन्हीकडे होतो, सोयरिकी दोन्हीकडे होतात. म्हणून महाराष्ट्रातल्या माणसाला इथे एक निष्कर्ष चटकन सुचतो : ही रेघ परक्याने ओढली, म्हणजे ती खोटी आहे. मला तो पटत नाही. रेघ कोणी ओढली यापेक्षा तिच्याआड कोणती राजवट किती काळ नांदली आणि तिने तिथे काय केले, यावर समाज घडतो. त्याचा पुरावा या हद्दीवर मिळणार नाही, तो गोव्याच्या पोटात आहे.

मंगळवार, फोंडा

गोव्याच्या आत एक जुनी शीव आहे आणि आजच्या नकाशावर ती कोणी दाखवत नाही. तिसवाडी १५१० मध्ये आणि बारदेस व सासष्टी १५४३ मध्ये पोर्तुगीजांकडे गेले. या जुन्या काबिजादी. फोंडा, सांगे, केपे, काणकोण, डिचोली, सत्तरी आणि पेडणे त्यांना मिळाले ते १७६३ ते १७८८ या काळात. या नव्या काबिजादी. मधली सव्वादोनशे वर्षे हा सगळ्या प्रश्नाचा गाभा आहे. सोळाव्या शतकातला पोर्तुगीज धर्मप्रसाराच्या आवेशात होता. देवळे पाडली गेली, १५६० मध्ये इन्क्विझिशन हे धर्मन्यायालय बसले, १६८४ मध्ये कोकणी बोलण्यावर बंदीचा हुकूम निघाला. देवळे पडू लागली तेव्हा फोंडा आदिलशाहीत होता, म्हणून देव झुआरी नदी ओलांडून इकडे आले. कुठ्ठाळीचा मंगेश प्रियोळला आला, वेर्ण्याची म्हाळसा म्हार्दोळला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला. आज ज्या भागाला आपण देवळांचा गोवा म्हणतो, तो अशा निर्वासित देवांनी वसवलेला आहे. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात पोर्तुगीज फोंड्यात शिरला, तेव्हा त्याची ताकद ओसरली होती. १७५९ मध्ये खुद्द पोर्तुगालने जेझुइटांना हाकलले होते, आणि नव्या मुलखात धर्म व रूढींना हात लावणार नाही असे वचन त्याला द्यावे लागले. झेंडा तोच होता, राजाही लिस्बनचाच, पण झुआरीच्या अलीकडे-पलीकडे दोन समाज घडले. पलीकडे चर्च, पोर्तुगीज शाळा आणि रोमी लिपीतली कोकणी. अलीकडे देवस्थानांचे महाजन, कीर्तन आणि मराठी पोथ्या. मंगेशीच्या जत्रेला येणाऱ्या मुंबई-पुण्याच्या कुळांनी हे ध्यानात घ्यायला हवे, की त्यांचे ‘मूळ गाव’ बहुधा नदीपलीकडे आहे.

बुधवार, मडगाव

यावर पहिला आक्षेप ठरलेला असतो : ही शीव वगैरे काही नाही, हा हिंदू-ख्रिस्ती भेद आहे. १६ जानेवारी १९६७ च्या जनमत कौलाचे आकडे त्यासमोर ठेवून पाहा. संघप्रदेश वेगळा राहावा म्हणून १,७२,१९१ मते पडली, महाराष्ट्रात विलीन व्हावे म्हणून १,३८,१७०. फरक ३४,०२१ चा. ख्रिस्ती लोकसंख्या तेव्हाही निम्म्याहून बरीच कमी होती. केवळ धर्मावर मते पडली असती तर विलीनीकरण आरामात जिंकायला हवे होते. म्हणजे पुष्कळ हिंदूंनीही वेगळ्या गोव्याला कौल दिला. पेडणे, डिचोली, सत्तरी, फोंडा विलीनीकरणाकडे झुकले आणि जुन्या काबिजादी विरुद्ध गेल्या. त्याहून बोलकी गोष्ट पुढची आहे. विलीनीकरणाचा झेंडा घेतलेल्या दयानंद बांदोडकरांचा महाराष्ट्रवादी गोमंतक (मगो) पक्ष हा कौल हरला आणि दोनच महिन्यांनी, मार्च १९६७ च्या निवडणुकीत, पुन्हा सत्तेवर आला. बहुजन मतदाराला भाटकाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या, वर्चस्वातून सुटका हवी होती, ती त्याने पक्षाकडे मागितली. त्यासाठी स्वतःचा संघप्रदेश मोडायचा का, हा प्रश्न त्याने वेगळा ठेवला. महाराष्ट्रातल्या नेत्यांना हा निकाल जड गेला, कारण भाषा एक म्हणजे राज्य एक हे १९६० चे गणित त्यांनी इथे जसेच्या तसे लावले होते.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. तो असा, की वसाहतीने दिलेल्या ओळखीचे आपण कौतुक करतो आणि इन्क्विझिशनला माफी देतो. तशी माफी इथे कोणी देत नाही. पण वारसा जुलमातून आला म्हणून तो आपोआप गळून पडत नाही, आणि सगळाच वारसा जुलमाचाही नसतो. पोर्तुगालचा १८६७ चा नागरी कायदा १८७० पासून गोव्यात आहे. लग्नानंतर मालमत्ता सामान्यतः दोघांच्या समाईक मालकीची होते, आणि वारशात मुलीला मुलाइतकाच हक्क मिळतो. बांद्याच्या हिंदू मुलीला वडिलोपार्जित एकत्र मालमत्तेत जन्मतः भावाइतका हक्क मिळायला महाराष्ट्राची १९९४ ची दुरुस्ती यावी लागली. गोव्यातला पोर्तुगीज कायदा भारतीय संसदेने १९६२ मध्ये चालू ठेवला, आणि २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की गोवेकराची मालमत्ता गोव्याबाहेर असली तरी वारसा याच कायद्याने ठरेल. थोडक्यात, पत्रादेवीची हद्द गोवेकराबरोबर मुंबईच्या फ्लॅटपर्यंत जाते. १९६१ पूर्वी जन्मलेल्या आजोबांच्या दाखल्यावर पोर्तुगीज पासपोर्ट काढून २०२० पर्यंत इंग्लंडात स्विंडनला स्थायिक झालेले तरुण तर ती आणखी लांब नेतात. त्यांना देशद्रोही म्हणणाऱ्यांशी माझे जमत नाही. ज्या पिढीने नोकरीसाठी मुंबई गाठली, तिनेही हेच केले होते.

गुरुवार, वाळपई

परतीची वाट चोर्ला घाटाने बेळगावकडे, म्हणून सत्तरी शेवटी. ‘हे सगळे जुने झाले, मोपाचा विमानतळ पेडण्यात आला, आता आतली शीव पुसली’, असे म्हणणाऱ्यांनी इथल्या जमिनीचे कागद बघावेत. जुन्या काबिजादीत गावकरी संस्थांचे हक्क १५२६ च्या फोरालमध्ये, म्हणजे सनदेत, लिहून ठेवले गेले. त्यांतून भाटकार माजले हे खरे, पण जमीन कोणाची याला कागद होता. सत्तरीत मात्र राणे घराण्याचे मोकासे, आल्वारा म्हणून कसायला दिलेले तुकडे आणि उरलेले सरकारी रान असा घोळ राहिला. पिढ्यान्‌पिढ्या काजू लावणाऱ्याचे नाव मालक म्हणून लागलेच नाही. लोहखनिजाच्या कायमस्वरूपी सवलती पोर्तुगीजांनी प्रामुख्याने याच नव्या मुलखात वाटल्या. त्यांचे साध्या पट्ट्यांत रूपांतर करणारा कायदा व्हायला १९८७ साल उजाडले, म्हणजे मुक्तीनंतर पंचवीस वर्षे दिल्लीने पोर्तुगीज दान जसेच्या तसे चालू दिले. यात दोष लिस्बनला देऊन भागत नाही. वारसा टिकतो तो पुढच्या सरकारला सोयीचा असतो म्हणून. शेळ-मेळावलीच्या लोकांनी आयआयटीसाठी जमीन द्यायला विरोध केला तो याच मालकीच्या प्रश्नावरून, आणि जानेवारी २०२१ मध्ये सरकारला प्रकल्प तिथून हलवावा लागला. प्रकल्प गेला, पण सत्तरीतल्या आल्वारा आणि मोकाशांच्या मालकीचा निकाल अजून लागलेला नाही. पुढचा हप्ता बेळगावहून.