जमिनीखालचा आवाज : नाचणगाव ते किल्लारी

आम्हा नाचणगावकरांना धडाम् आवाजाचे नवल नाही. पुलगाव आमच्या शेजारी आणि पुलगावला लष्कराचे दारूगोळा भांडार. आवाज झाला, फळीवरची भांडी वाजली, की लोक ‘डेपोत झाला’ म्हणतात आणि कामाला लागतात. 31 मे 2016 ला मध्यरात्रीनंतर तिथे आग लागून स्फोट झाले, माणसे गेली. ती रात्र मात्र कोणी विसरलेले नाही.

पण तो आवाज माणसाच्या वस्तूचा. मराठवाड्यात मात्र जमीनच गुरगुरते, असे ऐकून होतो. एकदा पाहून यावे म्हणून निघालो. देवळी, कळंब, यवतमाळ, उमरखेड, मग पैनगंगा ओलांडून नांदेड. एस.टी.च्या खिडकीतून तीच काळी माती आणि तोच काळा पाषाण दिसतो. आपल्या वर्ध्यापासून तिकडे लातूरपर्यंत मुख्यतः एकाच लाव्हारसाचे हे थर.

नांदेड शहरात 2006 च्या अखेरीस आणि 2007 मध्ये जमिनीतून असेच आवाज येत होते. लोक अंथरुणे घेऊन अंगणात झोपले. शास्त्रज्ञांनी यंत्रे बसवली तेव्हा कळले, की हे लहान लहान भूकंप आहेत. शेजारच्या हिंगोली जिल्ह्यात, वसमत तालुक्यातील पांगरा शिंदे परिसरातही अनेक वर्षे असे आवाज ऐकू आले आहेत.

भूकंपाला आवाज कसा? खोलवर खडक तडकला की आधी एक वेगवान लहर निघते. कठीण खडकातून ती एका सेकंदात पाच-सहा किलोमीटर धावते. ती वर आली की जमीन ढोलकीच्या कातड्यासारखी थरथरते आणि वरची हवा हलते. तोच हा आवाज. भूकंप उथळ असेल आणि खडक कठीण असेल, तर आवाज स्पष्ट येतो. कधी धक्का इतका बारीक असतो की पायाला कळत नाही, फक्त कानाला कळतो. म्हणून तो गूढ वाटतो. कोणी त्याला कोप म्हणतो, कोणी उतारा काढतो. पण कारणाशिवाय काही घडत नाही, हे आपल्या घरात मुलांनाही शिकवलेले असते.

लातूरहून औशामार्गे किल्लारीला पोचलो. जुन्या गावाच्या जागी स्मारक आहे. 1992 च्या ऑक्टोबरापासूनच इथली जमीन हादरत होती, गडगडत होती. पुढे लोकांना त्याची सवय झाली. 30 सप्टेंबर 1993, पहाटे 3 वाजून 56 मिनिटे. आदल्या दिवशी गणपती विसर्जन झाले होते, गाव थकून झोपले होते. लातूर-उस्मानाबाद भागात आठ-दहा हजार माणसे गेली. जमीन फाटून नव्हे, घरे अंगावर पडून. दगड-मातीच्या जाड भिंती, वर मातीचे जड माळवद. उन्हाळ्यात गारवा देणारे छप्परच काळ झाले.

तिथे उभा असताना मनात एकच आले. नांदेडला आवाज झाले आणि कालांतराने ओसरले, मोठा भूकंप आला नाही. किल्लारीला आवाज झाले आणि आला. नुसत्या आवाजावरून पुढचे सांगता येईल असे शास्त्र आजही कुणाजवळ नाही. मग गरीब माणसाच्या हाती काय उरते? त्याची भिंत.

म्हणून परत आल्यावर आधी घराची भिंत पाहिली. उशाकडच्या कोपऱ्यात बोटभर भेग होती, दोन वर्षे कॅलेंडरखाली झाकलेली. छपरावर वाऱ्यासाठी ठेवलेले दगड उतरवले, टिन बोल्टने आवळले. लेकीने खाट भेगेपासून दूर ओढली. गवंड्याला दाखवले. तो म्हणाला, नवी भिंत बांधाल तेव्हा मध्ये मध्ये आरपार जाणारे लांब दगड घाला, कोपरे एकमेकांत गुंतवा आणि दारा-खिडक्यांच्या वरून चहूबाजूंनी लोखंड घातलेला काँक्रीटचा पट्टा फिरवा. खर्च आहे, पण तो उतारा काढण्यात जाणाऱ्या पैशासारखा वाया जात नाही.

वाचक बंधू-भगिनींनो, आज संध्याकाळी दिवा लावून आपल्याही घरातले कॅलेंडर जरा बाजूला करून पाहा.