चंपानगरींतील पाणी

बोटीवरल्या साऱ्यांबरोबर बसमधून हिंडावयाचें नाहीं, हा आईचा हट्ट. म्हणून व्हिएतनामच्या दा नांग शहरीं, तिएन सा बंदरावर उतरतांच आम्हीं दिवसापुरती मोटार ठरविली. माहिती सांगावयास एक मुलगी बरोबर होती. सुमारें ७० किलोमीटरांवर मी-सोनचीं देवळें. चंपाचा राजा भद्रवर्मा यानें चौथ्या शतकांत येथें शिव स्थापिला आणि त्याला नांव दिलें भद्रेश्वर! देवाच्या नांवांत आपलें नांव गुंफण्याची ही हौस राजांना सर्वत्रच असावी.

विटांच्या त्या पडक्या देवळांत आज कोणी पूजा करीत नाहीं. आईनें शिळालिंगावर पाणी घालण्यासाठीं बाटली काढली, तों मुलीनें नम्रपणें हात आडवा केला. पुरातन वस्तु ती! आई हिरमुसली.

मी संस्कृत शिलालेखांविषयीं पांडित्य सांगत होतों. मुलगी ऐकत होती. मग एका गवताळ खळग्यापाशीं थांबून ती म्हणाली, "हा १९६९ सालच्या अमेरिकन बाँबचा." माझें पांडित्य तेथेंच आटलें. आईनें मात्र वाकून बाटलींतलें पाणी त्या खळग्यांत ओतलें. या खेपेस मुलीनें तिला अडविलें नाहीं.

बंदर येईपर्यंत तीं दोघीं शेजारी बसून होतीं. मी पुढें, ड्रायव्हरजवळ.