दोन गंज डाळ

उमरखेडहून नांदेडच्या वाटेला लागलं की पैनगंगा लागते आणि ती ओलांडली की हदगाव तालुका. वाट फार नाही. पण आमच्या लहानपणी म्हातारी माणसं नदीपलीकडच्या मुलखाला 'मोगलाई' म्हणत आणि आपण मात्र 'वऱ्हाडातले'.

त्याला कारण होतं. १८५३ साली निजामाने वऱ्हाड इंग्रजांच्या हवाली केलं आणि १९०२ मध्ये ते कायमच्या पट्ट्याने देऊन टाकलं. १९०५ मध्ये वाशीम जिल्हा मोडला, तेव्हा पुसद तालुक्याबरोबर आमचं उमरखेडही यवतमाळ जिल्ह्यात आलं. कागदावरची मालकी मात्र निजामाचीच राहिली. १९३६ च्या करारानंतर त्याच्या थोरल्या शहजाद्याला 'प्रिन्स ऑफ बेरार' असा किताबही मिळाला. नाव एकाचं, कारभार दुसऱ्याचा. पुढे १९५६ पर्यंत नदीच्या दोन काठांना दोन वेगळी राज्यं होती.

हा इतिहास पुस्तकात आम्ही फार उशिरा वाचला. आमच्या घरात तो आधी डाळीतून आला.

आमच्या घरची डाळ म्हणजे तुरीचं वरण. कपाशीत तुरीचं तास असायचंच, त्यामुळे तूर घरोघर. लसूण-मिरचीची फोडणी, वरून सांबार, सोबत जवारीची भाकर. चिंच नाही. अब्बांना आंबट चालत नसे.

अब्बा जिनिंगमध्ये कामाला होते. ते अल्लाला प्यारे झाले तेव्हा आमच्यातली थोरली दहा वर्षांची, भाऊ आठचा, धाकटी चारची. अम्मीची चार महिने दहा दिवसांची इद्दत संपली, पण बिरादरीच्या लेखी ती संपलीच नाही. अम्मी शिलाईवर घर चालवायची. अंगावर जरा रंगीत ओढणी दिसली तरी बाया एकमेकींकडे बघायच्या.

सहा वर्षांनी मामूंनी स्थळ आणलं. हदगावकडचे, सायकल दुरुस्तीचं छोटंसं दुकान. बायको खुला घेऊन गेलेली, मूलबाळ नाही. अम्मीने आम्हाला विचारलं. आम्ही काही बोललो नाही. आमचं न बोलणं म्हणजे नकार, हे तिला कळलं होतं. तरी तिने होकार दिला, याचाच आम्हाला राग.

मिलादच्या जलशात हजरत खदीजांचं नाव निघालं की लोक सुभानल्लाह म्हणत. प्रेषितांशी निकाह झाला तेव्हा त्या विधवा होत्या, हे सगळ्यांना ठाऊक होतं. तेच लोक आमच्या दारात येऊन म्हणाले, "पोरं एवढी मोठी झाल्यावर आता कशाला?" त्यांचं बोलणं आम्हाला तेव्हा फार गोड लागलं, हेही इथे कबूल केलं पाहिजे.

निकाह जुम्म्याला असरनंतर झाला. चार माणसं, खजूर आणि चहा. देग चढली नाही, वलीमा झाला नाही. 'दुसरा आहे, गाजावाजा नको,' असं ठरलं होतं. वलीमा सुन्नत आहे आणि त्यात पहिला-दुसरा असा भेद नाही, हे तिथे कोणी बोललं नाही. आम्ही तर मागच्या खोलीत दार लावून बसलो होतो.

तिसऱ्या दिवशी घरात खट्टी दाल शिजली. चिंचेचा कोळ, गोडलिंब, सुक्या लाल मिरच्यांचा बघार. अब्बांच्या घरात चिंच! आम्ही ताटावरून उठलो. दुसऱ्या दिवसापासून अम्मी दोन गंज चढवू लागली, एकात आमचं वरण, एकात त्यांची दाल. दोन वर्षं रोज दोन चुली, दोन फोडण्या. कधी तक्रार नाही. आम्ही त्यांना काहीच म्हणत नव्हतो, नुसतं 'ते'. त्यांनीही कधी अमुक म्हणा असा हट्ट धरला नाही.

एका संध्याकाळी ते ओट्यावर बसून चिंचा सोलत होते आणि अम्मी हसली. खळखळून. अब्बा गेल्यापासून तो आवाज आम्ही ऐकलाच नव्हता. आनंद व्हायला हवा होता. आम्ही त्या हसण्यानेच जास्त दुखावलो.

अब्बांच्या बरसीला खिचड्यावर फातेहा द्यायचा आमचा रिवाज. निकाहनंतरच्या दोन बरस्या अम्मीने ते दुकानावर गेल्यावर गुपचूप उरकल्या. तिसऱ्या वर्षी आम्ही सकाळी उठलो तर अंगणात चूल पेटलेली. रात्रीच गहू भिजवून ठेवले होते. ते स्वतः खिचडा घोटत बसले होते. आमच्याकडे न बघताच त्यांनी विचारलं, "तुमारे अब्बा को तीखा कित्ता लगता था?"

आम्ही एकमेकांकडे पाहिलं. आंबट नको, एवढंच ठाऊक होतं. तिखटाचं आठवेना. धाकटीला तर अब्बांचा चेहराही आठवत नव्हता.

उत्तर अम्मीने दिलं. त्यांच्यासमोर ती पहिल्यांदाच अब्बांविषयी बोलत होती. तिखट किती लागायचं, भाकर कशी कुस्करायचे, जिनिंगमधून आले की केसांत कापूस कसा अडकलेला असायचा. ते घोटत होते आणि मधूनच विचारत होते, "फिर?"

अब्बांची जागा राखतो आहोत, असं आम्हाला वाटत होतं. अब्बांना आठवत मात्र अम्मीच होती, आणि आमच्या रुसव्यापायी तिला ते बोलूनही दाखवता येत नव्हतं.

त्या दिवशी कोणी कोणाच्या गळ्यात पडलं नाही. काही दिवसांनी धाकटीने त्यांच्या दालमध्ये भाकर बुडवली, एवढंच. हळूहळू गंज एकच झाला. वरण आमचं, चिंचेचा कोळ वाटीत वेगळा, ज्याला लागेल त्याने घ्यावा. आम्ही त्यांना चाचा म्हणू लागलो.

आता दोघंही नाहीत. गेल्या वर्षी थोरलीच्या लेकीचा दुसरा निकाह झाला. तलाकनंतर पाच वर्षं ती माहेरी होती. 'चहा-खजुरात आटपा' म्हणणारे याही वेळी आलेच. आम्ही मंडप घातला आणि देग चढवली. दालचा, गोश्त-दुधी घातलेला, भरपूर चिंचेचा. भाऊ सकाळपासून देगीजवळून हलला नाही.

पंगत बसली तेव्हा लेकीचा सात वर्षांचा मुलगा कुठे दिसेना. मागच्या खोलीचं दार आतून लावलेलं होतं. बाहेरून कोणी रागावू लागलं, कोणी समजावू लागलं. आम्ही त्यांना बाजूला केलं आणि दाराशी थाळी घेऊन बसलो. त्याच्यासाठी वरणाचा गंज आम्ही वेगळा ठेवलाच होता.