बेणारेबाई, शांताबाई आणि सासूबाई

‘चरित्र अभिनेत्री’ हा शब्द आपण इतक्या सहजपणे वापरतो की त्यातली विसंगती ध्यानात येत नाही. ज्या नटीला तो लावला जातो, तिचे चरित्र सहसा कोणी विचारीत नाही. ती नायकाची आई असते, नायिकेची सासू असते, श्रेयनामावलीच्या उत्तरार्धात येणारे एक नाव असते. सुलभा देशपांडे (१९३७-२०१६) यांच्याविषयी लिहावे असे आम्हाला वाटले ते याच विसंगतीमुळे. त्यांच्या कारकिर्दीकडे सलगपणे पाहिले तर ‘दुय्यम भूमिका’ ही कोटीच तपासून घ्यावी लागते.

आम्ही काल्हेरला राहतो. गावाभोवती गोदामांच्या रांगा आहेत आणि भिवंडी-ठाणे रस्त्यावर अवजड वाहनांची अखंड वर्दळ असते. आमचे बरेच विद्यार्थी गोदामे आणि यंत्रमाग यांच्या भोवतालातून आलेले असतात. नाटक पाहायचे तर कशेळीचा पूल ओलांडून ठाण्याच्या गडकरी रंगायतनापर्यंत जावे लागते. साहजिकच नाटक म्हणजे अभ्यासाला लावलेले पुस्तक, अशीच त्यांची समजूत असते. सुलभाताई त्यांना ठाऊक असतात त्या ‘इंग्लिश विंग्लिश’ (२०१२) मधल्या श्रीदेवीच्या सासूबाई म्हणून. १९६७ साली ‘रंगायन’च्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ या प्रयोगातली लीला बेणारे याच बाईंनी उभी केली, असे सांगितले की वर्गात क्षणभर अविश्वास पसरतो.

विजय तेंडुलकरांच्या या नाटकाचे कथानक वाचकांस परिचित आहेच. अभिरूप न्यायालयाचा प्रयोग करण्यासाठी आलेली हौशी मंडळी वेळ घालवायला म्हणून एक लुटुपुटीचा खटला उभा करतात आणि पाहता पाहता तो बेणारे या अविवाहित शिक्षिकेच्या खाजगी आयुष्यावरचा खरा खटला होतो. शेवटी तिचे दीर्घ स्वगत येते. दिग्दर्शक अरविंद देशपांडे यांच्या आग्रहामुळे ते लिहिले गेले, हे सर्वश्रुत आहे. त्या वेळी रंगमंचावरील बाकीची पात्रे थिजलेली असतात. म्हणजे नटीला असे बोलायचे असते की शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकाला शब्द न् शब्द पोचावा, पण दोन हातांवर उभ्या असलेल्यांनी काहीच ऐकलेले नसावे. बेणारे शिक्षिका, आणि ती साकारणाऱ्या सुलभाताईंचीही सुरुवात दादरच्या छबिलदास शाळेत शिक्षिका म्हणूनच झालेली. या योगायोगातून आत्मचरित्रात्मक अर्थ काढण्याचा मोह टाळला पाहिजे. तरीही वर्गात उभे राहून बोलण्याची सवय असलेल्या बाईला, आपले बोलणे कोणी ऐकत नाही म्हणजे काय, हे निराळ्या रीतीने कळत असणार, असे आम्हाला वाटते.

सत्यदेव दुबे यांनी १९७१ साली या नाटकाचा चित्रपट केला आणि त्यातही बेणारे सुलभाताईंचीच होती. त्यानंतर सहाच वर्षांनी श्याम बेनेगलांच्या ‘भूमिका’मध्ये त्या स्मिता पाटील यांच्या आई झाल्या. त्या वेळी त्यांचे वय चाळीस होते. चाळिशीतल्या नटीला पडदा कोणती जागा देतो, हे यावरून दिसतेच, आणि त्याबद्दल खंत वाटणे स्वाभाविक आहे. पण केवळ खंत व्यक्त करून थांबलो तर एक महत्त्वाची गोष्ट निसटते. ‘भूमिका’तली शांताबाई मुलीशी कठोर वागते, प्रतिष्ठेच्या, चारचौघांच्या नजरेच्या धाकाने वागते. बेणारेच्या खटल्यात ही बाजू कोणाची होती? काशीकरबाईंची. काल आरोपीच्या पिंजऱ्यात उभी असलेली नटी आज साक्षीदारांच्या रांगेत जाऊन बसली आहे. आणि ती शांताबाईला खलनायिका होऊ देत नाही. त्या कठोरपणाच्या मुळाशी भीती आहे, हे तिच्या आवळलेल्या चेहऱ्यावरून आपल्याला कळत राहते. पिंजऱ्यात उभे राहून आल्याखेरीज साक्षीदाराची ही भीती इतकी नेमकी दाखविता आली असती का?

पुढे ‘चौकट राजा’तली (१९९१) नंदूची आई येते आणि अखेरीस ‘इंग्लिश विंग्लिश’मधल्या सासूबाई. या सासूबाईंना फारसे संवाद नाहीत. नवरा आणि मुलगी शशीच्या इंग्रजीची थट्टा करतात, तेव्हा घरातल्या न्यायालयात तिच्या बाजूचे एकच माणूस असते, आणि ते युक्तिवाद करीत नाही, फक्त ऐकते. आरोपी, साक्षीदार आणि श्रोता अशा तिन्ही जागा एकाच नटीने आपल्या कारकिर्दीत भरून काढल्या.

ऐकण्याचा हा मुद्दा आम्हाला जिव्हाळ्याचा वाटतो, त्याला कारण आहे. काही वर्षांपूर्वी हे नाटक शिकवीत असता एका विद्यार्थिनीने विचारले, “बाई एवढं बोलतात, पण कोणीच ऐकत नाही. मग बोलायचं कशाला?” आम्ही स्वगताचे नाट्यशास्त्रीय प्रयोजन सांगितले आणि तिने ते वहीत उतरवून घेतले. परीक्षेच्या आधीच तिचे लग्न ठरले. घरी बैठक बसली, सगळे बोलले, तिला कोणी विचारले नाही. ती पुन्हा वर्गात आली नाही.

तिच्या प्रश्नाचे उत्तर आम्हाला सापडते ते सुलभाताईंच्या पडद्याबाहेरच्या कामात. १९७१ साली अरविंद देशपांडे, अरुण काकडे आदींसह त्यांनी ‘आविष्कार’ ही संस्था उभी केली. १९७४ पासून छबिलदास शाळेच्या सभागृहात प्रायोगिक नाटकांची चळवळ रुजली. व्यावसायिक रंगभूमीला न परवडणारे शब्द तिथे बोलले गेले, आणि ते ऐकायला माणसे जमली. ‘चंद्रशाला’ या बालविभागातून त्यांनी मुलांना रंगमंचावर आणले. ‘दुर्गा झाली गौरी’ हे नृत्यनाट्य त्याच विभागाचे. १९८७ च्या आरंभी अरविंद देशपांडे गेले. त्याच वर्षाचा संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार सुलभाताईंना मिळाला. त्यानंतरही काम थांबले नाही. बेणारेचे स्वगत ज्या शांततेत विरून जाते, तिथे ऐकणाऱ्यांची एक जागा त्या आयुष्यभर बांधीत राहिल्या. पडद्यावरच्या लहान भूमिकांचे मोजमाप या बांधकामाशेजारी ठेवूनच करायला हवे.

हे नाटक आम्हाला पुन्हा शिकवायचे आहे. वर्गात प्रकट वाचन करताना प्रत्येक मुलीला बेणारेचे स्वगत हवे असते. काशीकरबाई कोणालाच नको असतात. या खेपेस जिला स्वगत वाचायचे असेल, तिने आधी काशीकरबाईंची साक्ष वाचावी, असे आम्ही ठरविले आहे. आणि स्वगत संपल्यावर लगेच तास संपवायचा नाही. ऐकणाऱ्यांनी काय ऐकले, ते एकेकाने सांगायचे.