उंचीचा हिशेब

भूगोलाच्या पुस्तकातील मजकूर माझ्या डोक्यात फारसा राहिला नाही. शिखरांच्या नावापुढे छापलेले आकडे मात्र अजून तोंडपाठ आहेत. वर्गात व्याकरण शिकवतानाही एखादा मध्येच आठवतो!

मराठी माणसाने खरे तर या आकड्यांच्या नादी लागू नये. आपली कळसूबाई १६४६ मीटर. ज्याला आपण नुसते वाळवंट समजतो, त्या राजस्थानातले अबूचे गुरुशिखर १७२२! बरे, सह्याद्री तरी आपला म्हणावा, तर त्याचेही सर्वांत उंच शिखर केरळात : आनैमुडी, २६९५ मीटर. हिमालयाकडे तर पाहूच नये. नंदादेवी ७८१६, कांचनगंगा ८५८६.

पण उंची म्हणजे का नुसते मीटर? कळसूबाईची गोष्ट तुम्हांला ठाऊक असेल. ही कोळ्याची पोर एका घरी कामाला राहिली ती अट घालून : भांडी घासणार नाही, केर काढणार नाही. एके दिवशी तीच कामे तिला सांगितली गेली. तिने ती निमूटपणे केली, आणि जी डोंगर चढून गेली, ती परत आली नाही.

ही गोष्ट मी आईला सांगितली, तेव्हा ती भांडीच घाशीत होती. राखेचा हात तसाच ठेवून तिने विचारले, "वर गेल्यावर तिला कुणी हाक मारली नाही?"

मला उत्तर सुचले नाही. आमच्या घरात आईला दिवसातून शंभर हाका येत.

याच्या उलट कांचनगंगेची हकीकत. १९५५ च्या २५ मे रोजी जो ब्राउन आणि जॉर्ज बँड तिच्या माथ्याशी पोचले आणि काही फूट खालीच थांबले. सिक्कीमच्या लोकांना ते शिखर पवित्र. माथ्यावर पाऊल ठेवायचे नाही, असा शब्द दिलेला होता. तिथे तो मोडला असता, तर पाहायला कोण होते? पण त्यांनी तो पाळला. दुसऱ्या दिवशी चढलेली जोडीही तशीच थांबली.

एक पोर अट मोडली गेली म्हणून शिखरावर गेली. हे शब्द राखण्यासाठी शिखराखाली थांबले. दोन्ही उंची मला सारख्याच वाटतात.

कळसूबाईला आता लोखंडी शिड्या आहेत. आई मात्र तिथे कधी गेली नाही. आमच्या घरी हल्ली जेवण झाले की ज्याने त्याने आपले ताट घासायचे, असा नियम आहे. मुले कुरकुरतात. मी त्यांना सांगतो, बाबांनो, डोंगर चढण्यापेक्षा हे सोपे!